बिनखिळ्याचं घर

पडदेवाल्या काकांना सगळी वस्ती पाठीमागे 'दोनवर्षे' म्हणायची. समोर अर्थात काकाच. नाव पडायचं कारण एवढंच, की कुणी सहज जरी विचारलं, "काय काका, बरं चाललंय ना?" तरी उत्तर ठरलेलं असायचं. "तात्पुरतं चाललंय. दोन वर्षांत गावी परत जायचंय." हे वाक्य त्यांनी या शहरात पाऊल ठेवलं त्याच आठवड्यात पहिल्यांदा उच्चारलं. तेव्हा ते एकटे होते, काडीसारखे होते आणि डोक्यावर केस होते. पुढे लग्न झालं, लेक झाली, लेकीचं लग्न झालं, केस गेले. वाक्य तेवढं जसंच्या तसं राहिलं.

काकांचा धंदा खिडक्यांना पडदे बसवायचा. माप घ्यायचं, कापड बेतायचं, चुण्या घालून शिवायचं, मग शिडी आणि ड्रिल घेऊन गिऱ्हाइकाकडे जायचं. भिंतीला भोक, भोकात प्लॅस्टिकची गिट्टी, तिच्यावर ब्रॅकेट, ब्रॅकेटवर दांडी, दांडीवर पडदा. दवाखाना, शाळेचं सभागृह, बँकेच्या साहेबांची केबिन, नव्या जोडप्यांच्या खोल्या, निम्म्या शहराच्या भिंती काकांनी भोसकल्या होत्या. आणि त्यांच्या स्वतःच्या घरात भिंतीला एक खिळा नव्हता.

अगदी औषधालासुद्धा नाही. घड्याळ फ्रीजवर बसलेलं. कॅलेंडर कपाटाच्या मुठीला लटकलेलं. कपाट उघडलं की चालू महिना भिंतीकडे तोंड करायचा. लग्नाचा फोटो खुर्चीवर. पाहुणे आले की नवरानवरीला उठवून खाली बसवावं लागे. आरसा पिठाच्या डब्याला टेकवलेला होता. पीठ संपत आलं की डबा हलका होऊन मागे सरके, आरसा आढ्याकडे बघू लागे आणि काकूंना भांग पाडायला त्याच्यावर ओणवं व्हावं लागे.

काकू या घरात नवी नवरी म्हणून आल्या, तेव्हा त्यांनी पहिला प्रश्न विचारला होता, "पर्स कुठे अडकवू?"

"हातातच धर ना," काका म्हणाले होते. "जायचंच आहे आपल्याला."

सुरुवातीला काकांचं म्हणणं असायचं, "भिंत दुसऱ्याची आहे. जाताना भोकं बुजवून द्यावी लागतील." घरमालक भला माणूस. त्यानं एकदा आपण होऊन हातोडी आणि मूठभर खिळे आणून दिले. काकांनी खिळे परत केले आणि हातोडी दाराला अटकाव म्हणून ठेवली. पुढे मालकानं घर विकायला काढलं, ते काकांनीच घेतलं. काकूंना वाटलं, चला, ग्रहण सुटलं. तर काका म्हणाले, "घर आपलंच आहे गं. पण दोन वर्षांनी विकताना? घेणाऱ्याला भोकं आवडत नाहीत."

काकूंनी हेही पचवलं. त्यांना फक्त एक गोष्ट हवी होती : पुढच्या खोलीच्या खिडकीला पडदा. मागची खोली कापडाच्या गठ्ठ्यांनी आणि दांड्यांनी भरलेली, तिथे पाय ठेवायला जागा नाही. लवंडायला जागा म्हणजे पुढच्या खोलीतला दिवाण. त्या दिवाणासमोर ही भलीमोठी खिडकी, आणि खिडकीसमोर बसथांबा. म्हणजे सकाळपासून संध्याकाळपर्यंत दहापाच माणसं रांगेत उभी राहून, दुसरं काही बघायला नसल्यामुळे, काकूंचा संसार बघत. काकांनी त्यावर उपाय केला होता. खिडकीच्या कडीपासून कपाटाच्या मुठीपर्यंत सुतळी, सुतळीवर चादर, चादरीला चिमटे. वाऱ्याची झुळूक आली की चिमटे टपाटप उडत.

"काकू, आज निळी चादर धुवायला टाकलीत वाटतं?" रांगेतली माणसं विचारत. "काकू, ते औषध जेवणानंतर घ्यायचं असतं बरं का!"

काकूंची इच्छा काय, तर दुपारचं जेवण झालं की दिवाणावर पाय पसरून, तोंड उघडं टाकून, जगाची पर्वा न करता तासभर झोपायचं. एवढ्या वर्षांत ही चैन त्यांना एकदाही मिळाली नव्हती. पाठीचं दुखणं सुरू झाल्यापासून तर ही इच्छा हट्टाला पेटली होती.

शेवटी नशिबानं हात दिला. एका सकाळी काका आंघोळ करून टॉवेलवर पुढच्या खोलीत आले, दोन्ही हात वर करून बनियन डोक्यातून घालू लागले, आणि नेमकी त्याच क्षणी चादर गळून पडली. बनियन अडकलेलं, काका आंधळे, खाली टॉवेल कसाबसा तग धरून. बाहेर रांगेनं टाळ्या वाजवल्या.

"रविवारी," काका बनियनच्या आतूनच म्हणाले. "रविवारी पडदा लावू. पक्कं."

काकूंनी रविवारपर्यंत दिवस कसे काढले ते त्यांचं त्यांना माहीत. पण शुक्रवारी काका विद्यापीठात पडदे बसवायला गेले आणि सगळं ओमफस् झालं.

ज्या विभागात काम होतं, त्याच्या दारावर पाटी होती : 'स्थलांतर आणि सांस्कृतिक ओळख'. काका शिडीवर, आणि शिडी धरून एक चष्मेवाली मुलगी, जी तिथे संशोधन करत होती. बोलता बोलता तिनं विचारलं, "काका, तुम्ही मूळचे इथलेच का?"

"छे! मी तात्पुरता आहे. दोन वर्षांत जाणार."

"आलात कधी?"

"लेकीच्या जन्माआधी."

"लेक शाळेत असेल ना?"

"शाळेत असते. मुख्याध्यापिका आहे."

मुलीनं शिडी सोडली. काका कसेबसे दांडीला लोंबकळून राहिले. दांडी त्यांनीच बसवलेली, म्हणून निभावलं.

शनिवारी ती मुलगी घरी हजर. काकूंनी तिला 'अभ्यासवाली' असं नाव ठेवलं आणि पुढे तेच चिकटलं. मुलगी गोड होती, चहाला नाही म्हणत नव्हती, पण घरात पाऊल टाकल्याबरोबर ती भिंतींकडे अशी बघू लागली, जशी माणसं लेण्यांकडे बघतात.

"एकही खिळा नाही?" ती कुजबुजली.

"एकही नाही," काका म्हणाले. आजवर हे वाक्य ते ओशाळून म्हणत. त्या दिवशी पहिल्यांदा त्यांची छाती थोडी पुढे आली.

"काकू, याला आम्ही 'स्थगित वास्तव्य' म्हणतो. माणूस येतो, पण पोहोचत नाही. पुस्तकांतून खूप वाचलं होतं, पण इतका शुद्ध नमुना..."

"नमुना तर खराच," काकू म्हणाल्या. "पण उद्या पडदा लावणार आहेत हो."

अभ्यासवालीच्या हातातला कप बशीत खडखडला. "नको! म्हणजे, काकू, प्लीज, इतक्यात नको. माझा प्रबंध होईपर्यंत काहीही बदलू नका. चादरसुद्धा."

काकूंनी काकांकडे बघितलं. काकांनी आढ्याकडे बघितलं. "शास्त्राचं काम आहे," ते म्हणाले. "आपण आड येऊ नये."

झालं, रविवार बुडाला. त्याच्या मागोमाग पुढचेही बुडाले.

काकांना मात्र नवी पालवी फुटली. आजवर जो हेकटपणा होता, तो आता संस्कृती झाला. अभ्यासवाली फोनवर त्यांचं बोलणं टिपून घेई, आणि फोन समोर धरला की काकांच्या अंगात कुणीतरी येई. "खिळा म्हणजे मूळ," ते डोळे मिटून म्हणत. "मूळ धरलं की माणूस अडकला. मी मुळं धरली नाहीत."

"परवापर्यंत म्हणत होतात, भिंत ओलसर आहे," काकू आतून म्हणत.

"काकू, हेही टिपू का?" अभ्यासवाली विचारी.

"टिप, टिप. आणि हेही टिप, की मुळं धरली नाहीत म्हणणाऱ्याची दाढ काढायला गेले तर डॉक्टर घामाघूम झाले होते."

अभ्यासवाली विद्यार्थ्यांचे गट आणू लागली. पोरं चपला काढून ओळीनं आत येत, फ्रीजवरच्या घड्याळापाशी थांबत, खुर्चीवरच्या नवरानवरीला निरखत. एकीनं तर पिठाच्या डब्यासमोर मांडी घालून, आरशात बघून, डोळे पुसले. बसथांब्यावरच्या रांगेला आता दोन खेळ बघायला मिळू लागले, घरातली माणसं आणि घरातली माणसं बघायला आलेली माणसं.

या सगळ्यात एक दिवस धाकट्या दिरांचा फोन आला. परत जायचं म्हणजे या दिरांकडेच जायचं होतं. गावाकडचं घर तेच बघत. काकांनी फोन काकूंकडे दिला, कारण ते एका गटाला 'मूळ' समजावून सांगण्यात गुंतले होते.

"वहिनी, सांगायचं राहिलं," दीर म्हणाले. "आम्ही मुलाकडे आलोय. परदेशी. गावचं घर दिलं भाड्यानं."

"अगबाई! कायमचे?"

"छे हो, तात्पुरते. दोन वर्षं फार तर."

काकूंना हसूही येईना आणि रडूही. मग त्यांनी विचारलं, "भावजी, एक सांगा. तिकडे भिंतीवर काही लावलंत?"

"लावलं की. आल्या आल्या घड्याळ लावलं. वेळ कळायला नको का?"

संध्याकाळी काकूंनी हे काकांना सांगितलं. "धाकट्या भावजींनी गेल्या गेल्या खिळा ठोकला."

काकांनी फ्रीजवरचं घड्याळ उगाच पुसलं. मग म्हणाले, "तो पहिल्यापासूनच उतावळा." पण जेवताना त्यांनी नेहमीसारखं दुसऱ्यांदा वाढून घेतलं नाही, हे काकूंच्या नजरेतून सुटलं नाही. त्यांना जरा वाईट वाटलं. आता नवऱ्याला उमज पडेल, आपण घाई करू नये, असं त्यांनी ठरवलं.

उमज पडायची ती भलतीकडेच पडली. दुसऱ्या दिवशी काकू आंघोळीला गेल्या, टॉवेल अडकवायला हात वर केला आणि टॉवेल सरळ बादलीत पडला. न्हाणीघराच्या दारामागे एक आकडा होता. त्यांच्या आधीच्या कुणा भाडेकरूनं लावलेला, घरातला एकुलता एक. तो नाहीसा झाला होता.

"मी काढला," काका बाहेरून अभिमानानं म्हणाले. "उद्या अभ्यासवालीचे मोठे सर येणारेत बघायला. तो आकडा म्हणजे घोटभर दुधात माशी होती."

काकू ओल्या टॉवेलनं बाहेर आल्या. एक अक्षर बोलल्या नाहीत. काकू बोलत असल्या म्हणजे काळजीचं कारण नसे, गप्प झाल्या की लेकसुद्धा सासरहून फोन करून विचारी, "आई, काय झालं?" काकांना एवढं कळायला हवं होतं. पण ते मोठ्या सरांसमोर म्हणायचं वाक्य पाठ करत होते.

त्या दुपारी काकू पिशवी घेऊन बाजारात गेल्या.

दुसऱ्या दिवशी मोठे सर आले. सर म्हणजे भारदस्त, हळू बोलणारे गृहस्थ. दिवाणावर ते, खाली पोरं, दाराशी अभ्यासवाली, आणि मधोमध काका. "सर," काकांनी सुरुवात केली, "खिळा म्हणजे..."

दाराची बेल वाजली.

दारात 'झटपट' उभा होता. झटपट म्हणजे शहरातला दुसरा पडदेवाला. सकाळी ऑर्डर, दुपारी पडदा, अशी त्याची ख्याती, आणि 'संध्याकाळी पडदा खाली' अशी काकांनी तिला जोडलेली पुस्ती. खांद्यावर शिडी, हातात ड्रिल, काखेत शिवून आणलेल्या पडद्याची गुंडाळी.

"नमस्कार काकू. कुठली खिडकी?"

"ही," काकू म्हणाल्या.

काकांचा चेहरा असा झाला, जसा आचाऱ्याच्या घरी खानावळीचा डबा आल्यावर त्याचा होईल. "तू? माझ्या घरात?"

"काकूंनी बोलावलं."

"गिऱ्हाईक मी आहे," काकू म्हणाल्या. "तुम्ही चालू द्या तुमचं मूळ."

अभ्यासवाली धावत आली. "काकू, एवढा एक महिना. माझं शेवटचं प्रकरण राहिलंय..."

काकूंनी तिचा हात हातात घेतला. "बाळ, तू लिही की. तुझ्या पोथीत माझं घर बिनखिळ्याचंच राहू दे, कायमचं. मला फक्त दुपारी झोपायचंय."

मुलीनं हळूच फोन खिशात टाकला आणि झटपटला जागा करून दिली.

झटपटनं शिडी लावली, फीत काढली आणि दांडीसाठी काचेच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत माप घेतलं.

"काचेचं माप घेतो," काका भिंतीला उद्देशून म्हणाले. "चौकटीच्या बाहेरून घ्यायचं असतं, हे कुणी शिकवलं नाही वाटतं."

"काय म्हणालात?" सरांनी विचारलं.

"काही नाही. तर, खिळा म्हणजे..." काकांचं लक्ष शिडीवर. झटपटनं कानामागची पेन्सिल काढून नुसत्या नजरेनं दोन खुणा केल्या. "अरे, लेव्हल लाव! डावीकडे दांडी उतरेल, पडदा आपोआप सरकत जाईल!"

"काका, माझा हात बसलाय," झटपट म्हणाला.

"हात बसलाय, अक्कल उठून गेलीय. चौकटीच्या बाहेर चार बोटं सोड! नाहीतर कडेनं फट राहील, आणि बस थांबली की..."

"की काय?" काकूंनी शांतपणे विचारलं.

"की दिसेल सगळं!" काका ओरडले.

झटपटनं ड्रिल सुरू केलं. टोक टेकणार एवढ्यात काका उठले. वयाच्या मानानं ते फारच जोरात उठले. "सोड! सोड ते! ती विटेची सांध आहे, तिथं गिट्टी धरणार नाही. माझ्या घरात वाकडी दांडी? लोक काय म्हणतील? खाली उतर."

झटपट उतरला. काका आपल्या पिशवीतून लेव्हल घेऊन शिडीवर चढले. खुणा पुसल्या, नव्या केल्या. थुंकीनं बोट ओलं करून भिंतीवरून फिरवलं, ठोकून आवाज ऐकला. ड्रिल उचललं, टोक खुणेवर टेकवलं.

आणि थांबले.

खाली शिडीशी उभ्या असलेल्या काकूंनी वर बघितलं. निम्म्या शहराला भोकं पाडलेला तो हात स्वतःच्या भिंतीशी अडून राहिला होता. काकूंना एकदम तो काडीसारखा मुलगा आठवला, ज्यानं पर्स हातातच धर म्हणून सांगितलं होतं आणि मग दिवसभर ती स्वतःच धरली होती.

"अहो," त्या हळूच म्हणाल्या, "जायचं तेव्हा जाऊ. भोक बुजवायला लांबी मी कालवून देईन."

"नक्की?"

"नक्की. आता पाडा."

काकांनी पाडलं. विटेचा लाल भुगा सरसर खाली आला, तो थेट मोठ्या सरांच्या टकलावर. पोरांनी टाळ्या वाजवल्या, बाहेर रांगेनंही वाजवल्या. अभ्यासवालीनं पाकीट काढून थोडा भुगा त्यात भरून घेतला. "काका, आता कसं वाटतंय?" तिनं विचारलं.

"वाकडं नाही ना वाटत?" काका म्हणाले. "जरा मागे जाऊन बघ."

दांडी चढली. मग काकूंनी झटपटकडून घेतलेली गुंडाळी उलगडली. पिवळंधमक कापड, त्यावर बशीएवढाली जांभळी फुलं. काकांनी आयुष्यभर गिऱ्हाइकांना राखाडी आणि फिकट बदामी कापड गळी उतरवलेलं. त्यांनी डोळे मिटून घेतले.

"हे?"

"हेच," काकू म्हणाल्या. "आणि शिवण झटपटची आहे, तेव्हा उसवू नका."

पडदा लागला. मंडळी चहा पिऊन गेली. झटपटला काकूंनी ठरलेले पैसे दिले आणि काकांनी, मागितले नव्हते तरी, लेव्हल कशी धरावी याचा धडा दिला.

सगळे गेल्यावर काका सवयीनं बाहेर रस्त्यावर आले. काम झालं की पडद्याची पड बाहेरून बघायची, ही त्यांची जुनी पद्धत. बसथांब्यावर उभं राहून त्यांनी बघितलं. दांडी लेव्हलमध्ये होती. फुलं भयानक होती. आत काही म्हणजे काही दिसत नव्हतं.

"डावीकडची चुणी जरा पुढे ओढ गं!" त्यांनी हाक मारली.

उत्तरादाखल आतून एक संथ, खर्जातलं, बेपर्वा घोरणं ऐकू आलं.

"काका, काय चाललंय आत?" रांगेतल्या एकानं विचारलं.

"मला काय माहीत?" काका म्हणाले. "दिसतंय कुठे!"

दार ओढून घेतलं होतं, किल्ली आत होती. बेल वाजवायला त्यांचं मन होईना. ते रांगेतच उभे राहिले. आपलं घर या बाजूनं, नुसतं उभं राहून, असं त्यांनी कधी बघितलंच नव्हतं. त्यांनी हात लांब करून, एक डोळा मिटून, अंगठ्यानं एकेक चुणी मोजायला सुरुवात केली.

करकचून ब्रेक लागले. बस त्यांच्यापुढे येऊन उभी राहिली, दार उघडलं.

"या लवकर," ड्रायव्हर म्हणाला. "कुठे जायचंय?"

"कुठेच नाही," काका म्हणाले. "मी इथेच राहतो."

"मग हात कशाला दाखवलात?"

"बाजूला घ्या हो गाडी," काका मान वाकडी करून बसच्या पलीकडे बघत म्हणाले. "सातवी चुणी राहिली."